पुराने भिजलेले घर वाळवणे

पुराने भिजलेले घर वाळवणे म्हणजे पूर, अतिवृष्टी किंवा फुटलेली जलवाहिनी यांमुळे घराच्या भिंती, जमीन, छत आणि लाकूडकाम यांत मुरलेले पाणी नियंत्रित रीतीने बाहेर काढणे. घरात साचलेले पाणी उपसणे हा या कामाचा केवळ पहिला व सर्वांत कमी वेळाचा भाग होय. फरशी कोरडी दिसू लागली म्हणजे घर वाळले, असा समज सर्वत्र आढळतो. प्रत्यक्षात त्या वेळी भिंतीतील बहुतेक पाणी जागेवरच असते. अमेरिका, ब्रिटन यांसारख्या देशांत हे काम प्रशिक्षित तंत्रज्ञ करतात आणि तो स्वतंत्र व्यवसाय आहे. भारतात अशा सेवा प्रामुख्याने मोठ्या शहरांत मिळतात. ग्रामीण महाराष्ट्रात तेच काम गवंडी, वीजतंत्री, पंप असलेला शेतकरी आणि घरातील माणसे मिळून करतात.

शिरड शहापूर परिसर

शिरड शहापूर हे हिंगोली जिल्ह्याच्या औंढा नागनाथ तालुक्यातील, औंढा ते वसमत मार्गावरील गाव असून तेथील मल्लिनाथ दिगंबर जैन अतिशय क्षेत्रामुळे ते परिचित आहे. हिंगोली जिल्हा १ मे १९९९ रोजी परभणी जिल्ह्यातून वेगळा करण्यात आला. पूर्णा, कयाधू, पैनगंगा आणि आसना या नद्या जिल्ह्यातून वाहतात. पूर्णेवर येलदरी व सिद्धेश्वर ही धरणे आहेत. जुलै २०२२ मध्ये झालेल्या अतिवृष्टीत आसना नदीचे पाणी शेजारच्या वसमत तालुक्यातील कुरुंदा गावात शिरून घरे, दुकाने आणि धान्याचे मोठे नुकसान झाले. सप्टेंबर २०२४ च्या पहिल्या दिवसांतही हिंगोली, परभणी व नांदेड जिल्ह्यांत अतिवृष्टी झाली.

लहान नद्यांचे आणि ओढ्यांचे पूर झपाट्याने चढतात व लवकर उतरतात. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगली व कोल्हापूर येथे पाणी अनेक घरांत कित्येक दिवस साचून राहिले होते; तशी स्थिती मराठवाड्यातील ओढ्याकाठच्या गावांत सहसा येत नाही. मात्र पाणी लवकर उतरले म्हणून भिंत कमी भिजते, असे नाही. भाजलेल्या विटेची पाणी शोषण्याची चाचणी मुळात २४ तासांचीच असते आणि त्या अवधीत वीट जवळजवळ तृप्त होते. मातीच्या भिंतीला तर काही तासही पुरतात.

या भागातील जमीन बहुतांशी काळी, कपाशीची जमीन म्हणून ओळखली जाणारी आहे. ही माती भिजली की फुगते आणि वाळली की आकसून तिला भेगा पडतात. त्यामुळे पुरानंतर घरासोबत घराखालची जमीनही वाळत असते आणि ती वाळताना जोते थोडेफार हलते. पूर ओसरल्यावर दीड-दोन महिन्यांनी दिसणाऱ्या अनेक तिरप्या भेगांचे कारण भिंतीत नसून पायाखाली असते.

भिंतीत किती पाणी असते

भारतीय मानक १०७७ नुसार सामान्य भाजक्या विटेने २४ तास पाण्यात बुडवल्यानंतर स्वतःच्या वजनाच्या २० टक्क्यांहून अधिक पाणी शोषू नये. अधिक मजबूत प्रतीच्या विटांसाठी ही मर्यादा १५ टक्के आहे. साधारण तीन किलो वजनाची वीट याप्रमाणे सहाशे ग्रॅमपर्यंत पाणी धरू शकते. दहा फूट लांब व नऊ इंच जाड भिंत तीन फूट उंचीपर्यंत बुडाली, तर तेवढ्या भागात सुमारे तीनशे विटा असतात. प्रत्येक विटेने मर्यादेच्या निम्मेच पाणी शोषले असे धरले, तरी त्या एका भिंतीत नव्वद लिटर पाणी साठते. खोलीच्या चारही भिंतींचा हिशोब केला तर दोनशे लिटरची दोन पिंपे भरत येतील एवढे पाणी भिंतींत असते, आणि ते पंपाने काढता येत नाही.

ते बाहेर येण्याचा एकच मार्ग म्हणजे बाष्पीभवन. एक लिटर पाण्याची वाफ होण्यास सुमारे २,४०० किलोज्यूल उष्णता लागते. विजेच्या भाषेत हे दोन-तृतीयांश युनिट झाले. नव्वद लिटरांसाठी साठ युनिटांएवढी उष्णता भिंतीला हवेतून, उन्हातून किंवा यंत्रातून मिळावी लागते. शिवाय पाणी आधी विटेच्या सूक्ष्म छिद्रांतून पृष्ठभागापर्यंत यावे लागते. सुरुवातीला पृष्ठभाग ओला असतो तोवर भिंत वेगाने वाळते. पुढे ओलावा आत सरकतो आणि वेग एकदम मंदावतो. थंड हवामानाच्या देशांत भिंतीच्या जाडीच्या दर इंचास एक महिना असा ढोबळ हिशोब रूढ आहे. मराठवाड्यातील ऑक्टोबर ते मार्चच्या कोरड्या हवेत हा काळ कमी होतो, परंतु नऊ इंची भिंत आठवड्याभरात वाळत नाही.

केशाकर्षणामुळे पाणी पुराच्या रेषेच्या वरही चढते. पुराची गढूळ रेषा तीन फुटांवर असली तरी ओल चार-साडेचार फुटांवर सापडू शकते.

घरात शिरण्यापूर्वी

पाणी उतरल्यानंतरचे पहिले काही तास सर्वांत धोक्याचे असतात. मुख्य स्विच बंद असल्याची खात्री झाल्याशिवाय आणि स्विचपर्यंत कोरड्या जागेवरून पोहोचता येत नसल्यास महावितरणच्या कर्मचाऱ्याने खांबावरून जोडणी तोडल्याशिवाय आत जाऊ नये. बुडालेले स्विचबोर्ड, मोटारी, इन्व्हर्टर व बॅटऱ्या वाळल्यासारख्या दिसल्या तरी वीजतंत्र्याने तपासल्याखेरीज सुरू केल्या जात नाहीत. गॅसच्या टाकीची नळी व रेग्युलेटरही तपासावा लागतो. फडताळे, धान्याची पोती आणि भांड्यांच्या मागे साप व विंचू आश्रयाला आलेले असतात. शेतावरच्या वस्तीत हा धोका विशेष.

मातीत बांधलेल्या भिंतींचा प्रश्न वेगळा आहे. दगड किंवा कच्च्या विटा मातीच्या चिखलात रचलेल्या असतील, तर भिजल्यावर त्या चिखलाची पकड जाते. वर माळवद असल्यास तुळया, फळ्या आणि त्यांवरील मातीच्या थराचे वजन पावसाने आणखी वाढलेले असते. अशी भिंत पाणी असेपर्यंत उभी राहून पाणी उतरल्यावर, कधी ऊन पडल्यावर कोसळते. बाहेर आलेला फुगवटा, तळाशी गळणारी माती, चौकटीत अडकू लागलेले दार आणि तुळईखालून झडणारी माती ही तिची पूर्वचिन्हे होत. ती दिसल्यास तुळईला टेकू देईपर्यंत त्या खोलीत काम केले जात नाही. भिंतीला लागून साचलेला गाळ एका बाजूने पूर्ण काढून दुसऱ्या बाजूला तसाच ठेवल्यास भिंतीवर एकतर्फी दाब येतो, म्हणून तो दोन्ही बाजूंनी थोडा थोडा उचलतात. तळघर असल्यास बाहेरची जमीन भिजलेली असताना ते एकदम रिकामे करणेही याच कारणाने टाळले जाते. पाणी दररोज साधारण एक-तृतीयांश याप्रमाणे उपसतात.

उपसा, गाळ आणि निर्जंतुकीकरण

शेतीप्रधान गावांत उपशाची साधने सहसा हाताशी असतात. विहिरीवरची मोटार स्वच्छ पाण्यासाठी बनवलेली असल्याने गाळात ती अडकते. गाळासाठी मड पंप लागतो. जनरेटर किंवा डिझेल पंप घराच्या आत किंवा ओसरीत चालवल्यास कार्बन मोनॉक्साइड साचून माणसे गुदमरतात, त्यामुळे तो उघड्यावर, वाऱ्याच्या दिशेचा विचार करून ठेवतात.

गाळ ओला असतानाच काढणे सोपे जाते. वाळलेला गाळ फरशीला व गिलाव्याला घट्ट चिकटतो आणि खरवडताना त्याची धूळ फुप्फुसांत जाते. पाणी उतरल्यानंतर भिंत वाळवण्याआधी ती धुवावी लागते, हे अनेकांना उलटे वाटते. पण गाळाचा थर विटेची छिद्रे बुजवतो व आतील पाणी कोंडतो.

या व्यवसायात जगभर वापरले जाणारे एस५०० हे मानक अमेरिकेतील आयआयसीआरसी या संस्थेने १९९४ मध्ये प्रथम प्रसिद्ध केले. त्यात पाण्याचे तीन वर्ग केलेले आहेत: नळाचे स्वच्छ पाणी, वापरलेले अस्वच्छ पाणी आणि मैला, रसायने किंवा रोगजंतू असलेले पाणी. नदीच्या पुराचे पाणी, ते कितीही स्वच्छ दिसले तरी, तिसऱ्या वर्गात मोडते. गावातील शौचखड्डे, उकिरडे, गोठे आणि शेतातील कीटकनाशके यांवरून ते वाहत आलेले असते. म्हणूनच गाद्या, उशा, कापसाच्या रजया, प्लायवुड आणि भुशाच्या फळ्यांचे फर्निचर वाळवत बसण्याऐवजी टाकून दिले जाते. साग किंवा बाभळीचे अखंड लाकूड मात्र बहुधा वाचते. उंदरांच्या मूत्रातून पाण्यात मिसळणाऱ्या लेप्टोस्पायरोसिसच्या जंतूंपासून बचावासाठी गमबूट व रबरी हातमोजे लागतात.

धुतलेल्या पृष्ठभागावर ब्लीचिंग पावडरचे ताजे द्रावण मारले जाते. त्यासाठी शेतातील फवारणी पंप वापरण्याची पद्धत सोयीची असली, तरी पंपात तणनाशकाचा किंवा कीटकनाशकाचा अंश राहिलेला असतो. घरासाठी, विशेषतः स्वयंपाकघरासाठी, वेगळा पंप हवा. ब्लीचिंग पावडर आणि शौचालय साफ करण्याचे आम्ल एकत्र आल्यास विषारी क्लोरिन वायू सुटतो.

हवा आणि यंत्रे

पुरानंतर दारे-खिडक्या उघड्या टाकणे हा सर्वांना सुचणारा उपाय आहे. तो कधी उपयोगी पडतो व कधी नाही, हे हवेतील बाष्पावर ठरते. ३० अंश सेल्सिअस तापमानाची एक घनमीटर हवा फार तर सुमारे ३० ग्रॅम बाष्प धरू शकते. पावसाळ्यात सापेक्ष आर्द्रता ८५ टक्के असेल, तर त्या हवेत आणखी साडेचार ग्रॅमचीच जागा उरते. दहा फूट लांब, रुंद व उंच खोलीतील सगळी हवा मिळून अशा वेळी सव्वाशे-एकशे तीस ग्रॅम पाणी उचलू शकते, म्हणजे चहाच्या एका कपाएवढे. भिंतीत शेकडो लिटर असताना हवेचे किती फेरे लागतील याची कल्पना यावरून येते. ऑक्टोबरच्या उन्हात आर्द्रता ३५ टक्क्यांवर आली की तीच खोली एका फेऱ्यात याच्या चौपटीहून थोडे अधिक पाणी उचलते.

व्यावसायिक पद्धतीत हा प्रश्न तीन गोष्टींनी सोडवला जातो: भिंतीलगत जोराचा वारा, हवेतून बाष्प काढून घेणे आणि माफक उष्णता. भिंतीला चिकटून दमट हवेचा पातळ थर तयार होतो. जमिनीलगत ठेवलेले शक्तिशाली पंखे तो सतत सरकवतात. हवेतील बाष्प डीह्युमिडिफायर हे यंत्र काढते. त्याचे दोन प्रकार आहेत. एकात हवा थंड नळ्यांवरून नेऊन दवबिंदूखाली आणतात, तेव्हा पाणी ठिबकून टाकीत जमा होते; पावसाळ्यातील उबदार, दमट हवेत हा प्रकार चांगला चालतो. दुसऱ्यात सिलिका जेलसारखा शोषक पदार्थ बसवलेले फिरते चाक असते. थंड हवेत किंवा फार कोरडेपणा हवा असताना ते वापरतात. यंत्र चालू असताना दारे-खिडक्या बंद ठेवाव्या लागतात, अन्यथा ते गावभरची हवा कोरडी करीत बसते. याउलट केवळ पंखे असतील तर खिडक्या उघड्या हव्यात. दोन्हींची सरमिसळ ही सर्वांत जास्त आढळणारी चूक आहे.

शिरड शहापूरसारख्या गावात डीह्युमिडिफायर भाड्याने मिळणे अवघड असले, तरी त्याची काही कामे उपलब्ध साधनांनी होतात. धान्य उफणण्याचा मोठा पंखा भिंतीच्या तळाशी तिरपा लावल्यास वाऱ्याचे काम चांगले करतो. वातानुकूलन यंत्र असल्यास ते हवेतील पाणीही काढते. मराठवाड्यात घरोघरी असणारा कूलर मात्र पाणी भरून चालवल्यास खोलीत बाष्पाची भरच घालतो. टाकी रिकामी व गवताच्या जाळ्या काढलेल्या असतील तरच त्याचा पंखा म्हणून उपयोग होतो. कोळशाची शेगडी किंवा गॅस पेटवून खोली तापवण्याची पद्धत दुहेरी घातक आहे. गॅस जळताना पाण्याची वाफ होते आणि बंद खोलीत दोन्ही इंधनांमुळे कार्बन मोनॉक्साइड साचण्याचा धोका असतो.

ओलसर पृष्ठभागावर २४ ते ४८ तासांत बुरशी धरू लागते. त्यामुळे जड भिंती वाळण्यास महिने लागणार असले, तरी कपडे, कागदपत्रे, लाकूड आणि भिंतीचा पृष्ठभाग या दोन दिवसांत वाऱ्यावर आणणे महत्त्वाचे ठरते. कपाटे व पलंग भिंतीपासून हातभर पुढे ओढतात. भिजलेल्या जमिनीच्या कागदांचा, बँक पासबुकांचा किंवा शाळेच्या दाखल्यांचा गठ्ठा उन्हात टाकल्यास पाने चिकटतात. ती सावलीत, पंख्याखाली, कोऱ्या कागदाच्या घड्या मध्ये घालून वाळवतात.

मातीची व चुन्याची बांधकामे

मातीची भिंत हळूहळू वाळवावी लागते. वरचा थर एकदम वाळून आकसला आणि आतला ओला राहिला, तर तिला भेगा पडून पापुद्रे सुटतात. पांढऱ्या मातीच्या जुन्या वाड्यांना सुरुवातीचे काही आठवडे सावली व मंद वारा पुरतो. थेट उष्णता देऊ नये. अशा भिंतींना मूळचा गिलावा मातीचा किंवा चुन्याचा असतो. त्यातून बाष्प बाहेर पडू शकते. पुरानंतर 'पक्के' करण्याच्या हेतूने त्यांवर सिमेंटचा गिलावा चढवला की आतील ओल कोंडली जाते आणि भिंत आतून मऊ होत राहते. वरून मजबूत दिसणारी ही दुरुस्ती जुन्या घरांचे पुराइतकेच नुकसान करते.

हिंगोली जिल्ह्यात या बाबीला आणखी एक पदर आहे. वसमत, औंढा नागनाथ व कळमनुरी तालुक्यांत भूकंपाचे सौम्य ते मध्यम धक्के बसत आले असून वसमत तालुक्यातील पांगरा शिंदे परिसर भूगर्भातून येणाऱ्या आवाजांमुळे चर्चेत राहिला आहे. १० जुलै २०२४ रोजी, ऐन पावसाळ्यात, जिल्ह्यात ४.५ तीव्रतेचा धक्का नोंदवला गेला. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपात मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती आणि त्यांवरील मातीची जड छपरे प्राणघातक ठरली होती. अशाच बांधणीची भिंत ओली असताना तिची ताकद आणखी कमी असते, म्हणून वाळवणीच्या काळात माळवदाखाली झोपणे टाळले जाते.

ओलावा मोजणे

घर वाळले की नाही हे हात लावून ठरवता येत नाही. व्यावसायिक तंत्रज्ञ दोन टोकदार सुया असलेले किंवा पृष्ठभागावर टेकवायचे ओलावामापक वापरतात. बाजार समितीत सोयाबीनचा ओलावा पाहण्यासाठी असते त्याच तत्त्वाचे हे उपकरण आहे: ओल्या पदार्थाचे विद्युतीय गुणधर्म बदलतात व त्यावरून आकडा मिळतो. सोयाबीनसाठी १२ टक्क्यांची मर्यादा या भागातील शेतकऱ्यांच्या परिचयाची आहे. तथापि धान्याचे यंत्र भिंतीला चालत नाही, आणि विटेवर घेतलेला आकडा हा खरा टक्का नसून तुलनेसाठीची खूण असते. भिंतीतील क्षारांमुळे तो फुगतो. म्हणून त्याच घरातील न भिजलेल्या भिंतीचा आकडा आधी घेतात आणि भिजलेल्या भिंतीवर ठरावीक ठिकाणी खुणा करून दर काही दिवसांनी तेथेच मोजतात. आकडा न भिजलेल्या भिंतीजवळ येऊन स्थिर झाला की वाळवण पूर्ण समजतात. लाकडाचा ओलावा २० टक्क्यांखाली आल्यावर ते कुजण्याचा धोका टळतो.

उपकरण नसल्यास प्लास्टिकची चाचणी करता येते. दीड फूट लांबी-रुंदीचा पारदर्शक कागद भिंतीवर किंवा कोब्यावर चारही कडांनी चिकटपट्टीने हवाबंद लावून किमान १६ तास ठेवतात. आतल्या बाजूस थेंब जमले किंवा कागदाखालची जागा काळपट झाली, तर आत ओल शिल्लक आहे.

दुरुस्तीचा क्रम

पूर बहुधा पोळा, गणपती किंवा दसऱ्याच्या आगेमागे येतो आणि दिवाळीपूर्वी घराला रंग देण्याची घाई असते. ओल्या भिंतीवर दिलेला तैलरंग किंवा प्लास्टिक रंग काही महिन्यांत फोड येऊन सुटतो. भिंत वाळताना आतील क्षार पृष्ठभागावर येऊन पांढरा लोणा फुटतो. तो ओल्या फडक्याने पुसल्यास विरघळून पुन्हा आत जातो, त्यामुळे कोरड्या कुंच्याने झाडतात. सणासाठी काही करायचेच असेल तर चुन्याची सफेदी हा सुरक्षित मार्ग आहे, कारण तिच्यातून भिंत श्वास घेते.

पोकळ वाजणारा गिलावा पुराच्या रेषेच्या वर एक-दीड फुटापर्यंत काढून टाकल्यास वीट उघडी पडते आणि भिंत बरीच लवकर वाळते. फुगलेली दारे लगेच रंधून घेतली जातात, पण ती वाळून आकसली की चौकटीत फट पडते. दोन-तीन महिने थांबल्यास रंधा बहुधा लागतच नाही. भेगांच्या टोकाशी पेन्सिलीने खूण व तारीख टाकून त्या वाढतात का हे पाहिले जाते. काळी जमीन पूर्ण वाळून हालचाल थांबल्यावरच, म्हणजे साधारण हिवाळ्याच्या अखेरीस, त्या बुजवतात.

पंचनामा आणि विमा

शासकीय मदतीसाठी तलाठी व ग्रामसेवक नुकसानीचा पंचनामा करतात. राज्य आपत्ती प्रतिसाद निधीच्या २०२२ ते २०२६ या काळासाठीच्या निकषांनुसार किमान १५ टक्के पडझड झालेल्या पक्क्या घरासाठी ६,५०० रुपये आणि कच्च्या घरासाठी ४,००० रुपये अशी रक्कम ठरवण्यात आली. पूर्ण पडलेल्या घरासाठी सपाट प्रदेशात ती १,२०,००० रुपये ठरवण्यात आली. पंचनामे पूर ओसरल्यानंतर लवकर केले जातात, तर वर सांगितलेल्या भेगा, सुटलेला गिलावा आणि झुकलेल्या भिंती वाळताना, पुढील काही आठवड्यांत प्रकट होतात. ज्या दिवशी नुकसान मोजले जाते त्या दिवशी भिंत ओली पण उभी असते. त्यामुळे गाळ काढण्यापूर्वी प्रत्येक खोलीची, पुराच्या रेषेसह, तारीख दिसेल अशी छायाचित्रे घेणे, टाकून द्यावयाच्या वस्तूंची यादी करणे आणि नंतर दिसलेल्या नुकसानीचा लेखी अर्ज तहसील कार्यालयात देऊन त्याची पोच ठेवणे यांना महत्त्व आहे.

घराचा विमा ग्रामीण भागात क्वचितच उतरवलेला असतो. १ एप्रिल २०२१ पासून सर्वसाधारण विमा कंपन्यांना उपलब्ध करून द्यावी लागणारी 'भारत गृह रक्षा' ही प्रमाणित पॉलिसी पूर व भूकंप या दोन्हींपासून संरक्षण देते. विमा असल्यास सर्वेक्षकाची पाहणी होईपर्यंत नादुरुस्त वस्तू बाहेर काढून ठेवल्या तरी नष्ट करू नयेत, असा संकेत आहे. मात्र वाळवणीचे काम त्यासाठी थांबवण्याची आवश्यकता नसते, कारण नुकसान वाढू न देणे ही विमाधारकाचीच जबाबदारी मानली जाते.